आसन मांडण्यापूर्वी

योगाच्या वर्गात पाऊल टाकण्याआधीच बरीच माणसे स्वतःला नापास करून मोकळी होतात. ‘हात पायाच्या बोटांपर्यंत पोचत नाहीत’, ‘गुडघे कुरकुरतात’, ‘हे सगळे विशीत करायला हवे होते’ अशी वाक्ये योगशिक्षकाच्या कानावर रोज पडतात. मोबाइलच्या पडद्यावर कुणी डोक्यावर उभे असते, कुणाचा पाय मानेमागे गेलेला असतो, आणि पाहणाऱ्याला वाटते की योग ही अंग आधीच लवचीक असलेल्यांची मिरासदारी आहे. हे पुस्तक ज्यांनी आजवर एकही आसन केलेले नाही त्यांच्यासाठी लिहिले आहे. म्हणून सर्वांत आधी त्यांचाच प्रश्न घेतो : मला याचा अधिकार आहे का?

हा प्रश्न जुना आहे. ज्ञानेश्वरीच्या सहाव्या अध्यायात अर्जुन नेमके हेच विचारतो. कुंडलिनीच्या जागृतीचे ते विलक्षण वर्णन ऐकल्यावर त्याला शंका येते, की हा अभ्यास जो करील त्याला साधतो, की त्यासाठी अंगी काही वेगळी योग्यता लागते? मूळ गीतेत हा संवाद नाही. तो ज्ञानेश्वरांनी आपल्या पदरचा घातला आहे, आणि त्यावर कृष्णाच्या तोंडी दिलेले उत्तर प्रत्येक नवशिक्याने ऐकावे असे आहे. योग्य माणसांची कुठे खाण असते काय, असे तो विचारतो. जो थोडासा विरक्त झाला आणि देहाच्या व्यवहारांत नियमित झाला, तोच इथला अधिकारी. यानंतर लगेच गीतेतला मोजक्या आहाराचा आणि मोजक्या झोपेचा श्लोक येतो. ज्ञानेश्वरांनी हा संवाद बरोबर त्या श्लोकाच्या उंबरठ्यावर आणून ठेवला, यात मला त्यांची शिक्षकाची नजर दिसते. शके 1212 मध्ये, म्हणजे 1290 साली, नाथपंथाची दीक्षा लाभलेला एक तरुण मराठीत सांगतो आहे की अधिकार जन्माने किंवा अंगकाठीने मिळत नाही, रोजच्या वागण्यातून तो तयार होतो.

ज्ञानेश्वर यात एकटे नाहीत. साधारण त्याच शतकातला ‘दत्तात्रेययोगशास्त्र’ हा संस्कृत ग्रंथ हठयोगाची त्या नावाने पद्धतशीर मांडणी करणाऱ्या सर्वांत जुन्या ग्रंथांपैकी आहे. दत्तात्रेय आणि सांकृती यांचा हा संवाद. नरसोबाच्या वाडीला आणि गाणगापूरला नेमाने जाणाऱ्या किती दत्तभक्तांना या ग्रंथाचे नाव ठाऊक असेल? त्यात म्हटले आहे की ब्राह्मण असो वा श्रमण, बौद्ध असो, जैन असो, कापालिक असो की थेट चार्वाकमताचा असो, श्रद्धेने सतत अभ्यास करील त्याला सिद्धी मिळेल. देव न मानणाऱ्यालाही दार उघडे ठेवणारे हे वाक्य मी नव्या विद्यार्थ्यांना मुद्दाम सांगतो. याच ग्रंथात आसने चौऱ्याऐंशी लाख असल्याचे सांगून प्रत्यक्षात एकाच आसनाचे, पद्मासनाचे, वर्णन केले आहे. बाकीच्यांवाचून काही अडत नाही.

पंधराव्या शतकात स्वात्मारामाने ‘हठप्रदीपिका’ लिहिली. तरुण, म्हातारा, अतिवृद्ध, आजारी, दुबळा अशा कुणालाही आळस सोडला तर हा मार्ग साधतो, असे तोही सांगतो. त्याने वर्णिलेली आसने पंधरा आहेत. त्यांतली बहुतेक बसून करायची. शवासन, मयूरासन, धनुरासन अशी थोडी निराळी. उभे राहून करायचे त्यात एकही नाही. आज वर्गाच्या पहिल्या दिवशी शिकवले जाणारे त्रिकोणासन शोधायला कुणी हठप्रदीपिका उघडली, तर ते सापडणार नाही. म्हणून त्रिकोणासन खोटे ठरते का? अजिबात नाही. या मुद्द्याकडे पुढे पुन्हा यायचे आहे.

स्वात्मारामाने योग बिघडवणाऱ्या सहा गोष्टी सांगितल्या आहेत : अति खाणे, अति श्रम, बडबड, नियमांचा आग्रह, माणसांचा घोळका आणि चंचलपणा. यांतली चौथी वाचून नवा माणूस दचकतो. नियमितपणा हवा असे ज्ञानेश्वर सांगतात, आणि इथे नियमांचा आग्रह दोषांत धरला आहे. ब्रह्मानंदाच्या ‘ज्योत्स्ना’ टीकेने उदाहरणे देऊन ही गाठ सोडवली आहे : पहाटे थंड पाण्याने आंघोळ, फक्त रात्री जेवणे, फक्त फळांवर राहणे. म्हणजे शरीराला शिणवणारी व्रते. उत्साहाच्या भरात नवशिक्या हेच करतो. पहिल्याच सोमवारी तो चारला उठतो, चहा सोडतो, कांदा सोडतो, तासभर आसने करतो, आणि गुरुवारी अंग इतके दुखते की सगळेच सोडतो. त्यापेक्षा नेहमीच्या वेळी उठून वीस मिनिटे बसणारा आणि चहा पुढे ढकलणारा माणूस शास्त्राच्या जास्त जवळ आहे. पतंजलींनी अभ्यास पक्का होण्याच्या अटी सांगितल्या त्या तीनच. तो दीर्घकाळ हवा, खंड न पडता हवा, आणि आदराने केलेला हवा. किती कठीण आसन केले, हा निकष त्यात नाही.

पतंजलींच्या योगसूत्रांत आसनाला जेमतेम तीन सूत्रे मिळाली आहेत. बैठक स्थिर असावी आणि सुखाची असावी, प्रयत्नाचा ताण ढिला पडल्यावर ती साधते, आणि साधली की थंडी-उष्णतेसारखी द्वंद्वे छळत नाहीत, एवढाच त्यांचा आशय. या सूत्रांवरच्या व्यासभाष्यात काही आसनांची नावे आली आहेत. पद्मासन, वीरासन, स्वस्तिकासन, दंडासन अशा ओळखीच्या नावांबरोबर त्या यादीत ‘सोपाश्रय’ असे एक नाव आहे. सोपाश्रय म्हणजे आधार घेऊन केलेले आसन. तो आधार योगपट्टाचा, म्हणजे कंबर आणि गुडघे यांना वेढणाऱ्या पट्ट्याचा, असे टीकाकार सांगतात. योगनरसिंहाच्या मूर्तीत हा पट्टा दिसतो. हंपीच्या प्रचंड नरसिंहाच्या गुडघ्यांभोवतीही तो दगडात कोरलेला आहे. उशी, पट्टा, भिंत यांचा आधार घेणे म्हणजे फसवणूक असे ज्यांना वाटते त्यांनी हे ध्यानात ठेवावे. आधाराच्या आसनाला भाष्यकाराने पद्मासनाच्याच पंक्तीला बसवले आहे.

आता प्रत्यक्ष बैठकीकडे वळू, कारण सुरुवात तिथूनच होते. घरात सतरंजी टाकून मांडी घाला आणि कुणाला तरी बाजूने पाहायला सांगा. ज्याचा दिवस खुर्चीत जातो त्याचे गुडघे कमरेच्या वर राहतात. मांडीच्या मागचे आणि कुल्ल्यांचे स्नायू आखडलेले असतात, त्यामुळे कमरेचा खालचा हाडांचा सांगाडा मागे कलंडतो. वजन बैठकीच्या दोन हाडांवरून सरकून माकडहाडाकडे जाते. कमरेचा स्वाभाविक बाक नाहीसा होतो, पाठीला पोक येतो, छाती दबते, हनुवटी पुढे निघते. पाच मिनिटांत पायाला मुंग्या येतात आणि माणूस म्हणतो, माझे मन लागत नाही. मनाचा यात काही दोष नसतो, बैठकच चुकलेली असते.

एक जाड चादर किंवा घोंगडी चारपदरी घडी करून बैठकीखाली घ्या. ती मांड्यांखाली सरकू देऊ नका. घडीची कड बैठकीच्या हाडांच्या जरा पुढे संपली पाहिजे. चार बोटे उंची बहुतेकांना पुरते, न पुरली तर आणखी एक घडी वाढवा. गुडघे कमरेच्या पातळीला किंवा खाली येईपर्यंत हे करत राहायचे. गुडघा अधांतरी राहत असेल तर त्याखाली उशी द्या, म्हणजे मांडीच्या स्नायूला तो धरून ठेवावा लागत नाही. आता पाठ ताठ ‘करावी’ लागत नाही, ती आपोआप वर जाते. पोट मोकळे होते आणि श्वास स्वतःहून खोल होतो. प्रयत्न ढिला पडण्याविषयी पतंजली जे सांगतात त्याची पहिली चुणूक मिळते ती इथे. पाय रोज बदलून घाला. आज उजवी नडगी पुढे असेल तर उद्या डावी, नाहीतर कंबर एका बाजूला झुकण्याची सवय धरते.

पद्मासनाची घाई करू नका. गुडघ्याचा सांधा मुख्यतः बिजागरीसारखा उघडतो आणि मिटतो. पाय मांडीवर नेण्यासाठी लागणारे वळण खुब्याच्या सांध्यातून यावे लागते, आणि खुबा तेवढा फिरत नसेल तर हाताने ओढलेल्या पावलाचा सगळा पीळ गुडघ्यावर येतो. स्नायूला ताण बसल्याची जाणीव पसरट असते, श्वास सोडताना ती कमी होते. सांध्यातली कळ टोकदार असते आणि एका जागी उठते. ती आली की त्याच क्षणी आसन सोडावे. पुढच्या दहा वर्षांचा अभ्यास या एका ओळखीवर सुखरूप राहतो, म्हणून ती मी पहिल्याच आठवड्यात शिकवतो.

अभ्यासाला आलेल्या माणसाला हेही कळले पाहिजे की आपण जे करतो आहोत त्यात जुने किती आणि नवे किती. ‘पाच हजार वर्षांपूर्वीची आसने’ अशी जाहिरात सर्रास होते. तिने परंपरेचा मान वाढत नाही, उलट परंपरा म्हणजे एकदाच घडून गोठलेली वस्तू आहे असा समज होतो. खरी हकीकत जास्त रंजक आहे, आणि तिचा एक धागा पुण्यात आहे.

पुण्याच्या भारत इतिहास संशोधक मंडळात ‘हठाभ्यासपद्धती’ नावाचे एक हस्तलिखित आहे. कर्त्याचे नाव कपालकुरंटक, काळ साधारण अठरावे शतक. जेसन बर्च आणि मार्क सिंगल्टन या अभ्यासकांनी 2019 साली या ग्रंथावर लिहिलेल्या लेखामुळे त्याची चर्चा बरीच वाढली. हठप्रदीपिकेत आसने पंधरा, इथे तब्बल 112, आणि तीही क्रमवार गटांत लावलेली. उताणे पडून करायची, पालथे पडून करायची, जागेवर करायची, उभे राहून करायची, आणि चक्क दोरावर करायची. यातले गजासन वाचावे. माणूस पालथा, कंबर वर उचललेली, तळवे जमिनीवर. मग नाक जमिनीकडे नेत हीच हालचाल पुन:पुन्हा करायची. आखाड्यात जोर काढलेल्या कुणालाही हे वर्णन अनोळखी वाटणार नाही. दोराची आसने वाचताना मल्लखांबाच्या दोरावरची मुले डोळ्यांपुढे येतात. म्हणजे आखाडा आणि योगशाळा यांच्यामधली भिंत आपण समजतो तितकी जाड कधीच नव्हती. मैसूरच्या राजवाड्यात एकोणिसाव्या शतकात तयार झालेल्या ‘श्रीतत्त्वनिधी’ या सचित्र ग्रंथातली आसने याच परंपरेतून आली आहेत. त्याच मैसूरमध्ये पुढे तिरुमलै कृष्णमाचार्यांनी शिकवले, आणि त्यांचे शिष्य बी. के. एस. अय्यंगार 1937 साली पुण्यात आले. अय्यंगारांच्या पद्धतीत भिंतीला अडकवलेल्या दोरांवर करायच्या कामाला ‘योग कुरुंट’ म्हणतात. कपालकुरंटकाच्या नावाशी त्याचा संबंध असावा असे अभ्यासकांनी सुचवले आहे. मंडळातले हस्तलिखित आणि त्याच शहरातल्या भिंतीवरचे दोर यांच्यामध्ये मैसूरचा एवढा वळसा पडला, याचे मला अजूनही नवल वाटते.

या अय्यंगारांचे बालपण मलेरिया, टायफॉइड आणि क्षय यांनी पोखरलेले होते. शरीर साथ देत नाही ही तक्रार त्यांना पुस्तकातून शिकावी लागली नव्हती. लाकडी ठोकळे, पट्टे, खुर्ची, गुंडाळलेली घोंगडी अशा साधनांनी त्यांनी आखडलेल्या आणि आजारी माणसांसाठी आसने आवाक्यात आणली. ही साधने आज जगभर वापरली जातात. त्यांच्यात मला व्यासभाष्यातल्या त्या सोपाश्रयाचाच विस्तार दिसतो.

लोणावळ्याची वाट वेगळी होती. जगन्नाथ गणेश गुणे, म्हणजेच स्वामी कुवलयानंद, बडोद्याला माणिकरावांच्या आखाड्यात घडले आणि नर्मदाकाठच्या मालसरला परमहंस माधवदासांकडे योग शिकले. 1924 साली त्यांनी कैवल्यधाम स्थापले आणि त्याच वर्षी ‘योगमीमांसा’ हे नियतकालिक सुरू केले. उड्डियान आणि नौली करताना पोटात नेमके काय घडते हे त्यांनी क्ष-किरण आणि दाबमापक लावून पाहिले. त्या वेळी आतला दाब बाहेरच्या हवेपेक्षा कमी होतो हे त्यांना दिसले. परंपरेवर प्रेम करणारा माणूस परंपरेला प्रश्न विचारू शकतो, तिची मोजमापे घेऊ शकतो, याचा एवढा स्वच्छ नमुना क्वचितच मिळेल. माधवदासांचेच दुसरे शिष्य योगेंद्र यांनी 1918 साली मुंबईत ‘द योग इन्स्टिट्यूट’ सुरू केली. त्यांच्या पत्नी सीतादेवी यांनी 1930 च्या दशकात खास स्त्रियांसाठी योगाचे पुस्तक लिहिले. गुहेतला आणि मठातला योग संसारी माणसाच्या दिवाणखान्यात आला तो या पिढीच्या हातून.

सूर्यनमस्कारांचीही अशीच कथा. सूर्याची उपासना आणि नमस्कार घालण्याची रीत महाराष्ट्रात जुनीच. पण ठराविक दहा स्थितींची व्यायामपद्धती म्हणून त्यांचा जोरदार प्रसार केला तो औंधचे राजे भवानराव पंतप्रतिनिधी यांनी. संस्थानातल्या शाळांत त्यांनी नमस्कार सुरू केले, आणि 1938 साली त्यांचे इंग्रजी पुस्तक लंडनहून निघाले. मध्ययुगीन हठग्रंथांतल्या आसनांत सूर्यनमस्कार सापडत नाहीत. ते योगवर्गात मागाहून आले आणि उत्तम रुळले. त्रिकोणासनाचेही तसेच समजावे. नव्याला नवे म्हणून ओळखावे आणि आनंदाने करावे. जुनेपणाचा खोटा दाखला त्याला लागत नाही.

इतके बदल होऊनही श्वासाविषयीची शिस्त मात्र फारशी बदललेली नाही. आसन स्थिरावल्यावरच प्राणायाम, हा हठप्रदीपिकेचा क्रम आहे. सिंह, हत्ती, वाघ जसे हळूहळू माणसाळवतात तसाच प्राणही, नाहीतर तो साधकावरच उलटतो, असा इशाराही तिथेच आहे. पहिल्या काही महिन्यांत श्वास रोखून धरण्याच्या म्हणजे कुंभकाच्या वाटेला जाऊ नका. बसल्यावर नाकाने श्वास घ्या, आणि घ्यायला जितका वेळ लागला त्याहून थोडा जास्त वेळ सोडायला द्या. हळूहळू तो दुपटीपर्यंत गेला की पुरे. धाप लागली किंवा पुढचा श्वास झडप घालून घ्यावा लागला, तर मोजमाप चुकले असे समजून कमी करा. भस्त्रिका आणि कपालभाती समोरासमोर शिकवणाऱ्याकडूनच शिका.

बाकी तयारी थोडकी. जेवणानंतर तीन-चार तास गेलेले असावेत, म्हणून पहाट सोयीची. आसनांनंतर शवासन टाळू नये. हठप्रदीपिकेतल्या पंधरांत तेही आहे आणि शीण घालवते असे तिथे सांगितले आहे. रक्तदाब, काचबिंदू, हर्निया, मणक्याचा विकार, गरोदरपण किंवा नुकतीच झालेली शस्त्रक्रिया यांपैकी काही असेल तर आधी डॉक्टरांना विचारा, आणि ते शिक्षकालाही सांगा. डोके खाली आणि पाय वर अशी आसने अशा वेळी बहुधा वगळावी लागतात.

पुस्तकावरून आसन कळते, आपली चूक कळत नाही, म्हणून शिक्षक हवा. पुणे, लोणावळा, मुंबई, नागपूर, ठाणे, नाशिक इथे योगाच्या जुन्या-नव्या संस्था आहेत. लहान गावातही एखादे निवृत्त शिक्षक देवळाच्या सभामंडपात पहाटे वर्ग घेताना आढळतात. पहिल्या दिवशी त्यांच्या अंगाची लवचिकता पाहू नका. तुमच्या दुखण्याखुपण्याची ते चौकशी करतात का, वर्गातल्या सर्वांत आखडलेल्या माणसाकडे लक्ष देतात का, ‘हे तुम्ही आज करू नका’ असे म्हणू शकतात का, ते पाहा. महिन्याभरात मधुमेह घालवून देतो असे सांगणाऱ्याकडे मात्र दुसऱ्या दिवशी जाऊ नका.

वाचन अभ्यासाच्या बरोबरीने व्हावे. ज्ञानेश्वरीचा सहावा अध्याय घरात असतोच, तो आधी घ्या, आणि अर्जुनाच्या त्या प्रश्नापाशी थोडे थांबा. हठप्रदीपिकेची कैवल्यधामने 1970 साली काढलेली संपादित आवृत्ती पाठांची नीट छाननी करून तयार केलेली आहे. तिचा पहिला उपदेश आसनांचा आणि आहाराचा आहे; पहिल्या वर्षी तेवढाच वाचा, आणि जे वाचले ते करून पाहा. दुसरा उपदेश प्राणायामाचा आहे. चादरीच्या घडीवर अर्धा तास पाय न हलवता बसता येऊ लागले की तो उघडावा.